घोड्याच्या केसाचा फास आणि क्लचची तार

तितरासाठी लावायचा फास घोड्याच्या शेपटीच्या केसांचा असतो. तो केसांचाच का, हे कळल्याशिवाय फासेपारध्यांच्या शिकारीबद्दल बाजूने किंवा विरोधात मत देणे घाईचे आहे. चार-सहा केस एकत्र घेऊन मांडीवर पीळ देतात, एका टोकाला बारीक डोळा ठेवतात आणि दुसरे टोक त्यातून ओवतात. सरकगाठ तयार होते. केसाला अंगचा ताठपणा असल्यामुळे हा फास हवेत गोल उभा राहतो. सुती दोरा उभा राहत नाही. पहाटेच्या दहिवरात तो भिजून लोंबतो आणि ऊन लागले की आखडतो. केस पाणी फारसे धरत नाही, तारेसारखा चमकत नाही, वाळलेल्या कुसळीच्या काड्यांत दिसेनासा होतो. शिवाय त्याची ताकद बेताची असते, आणि खरी मेख तिथेच आहे. पाव किलोच्या आसपास वजनाचे तितर त्यात अडकून राहते. खोकडाने किंवा लांडग्याने चुकून पाय घातला तर एका हिसक्यात फास तुटतो आणि जनावर आपल्या वाटेने जाते. कुणाला धरायचे आणि कुणाला सोडायचे, हे साधनाच्या बनावटीतच ठरलेले असते.

आज बांधांवर आणि माळाच्या कडेला जी फासकी लागते ती बहुतेक मोटरसायकलच्या क्लचच्या किंवा ब्रेकच्या तारेची. ही तार कुठल्याही गॅरेजच्या कचऱ्यात फुकट मिळते. तिला वळावे लागत नाही, जपावे लागत नाही, लावून आठ दिवस विसरता येते. ती तुटत नाही. ससा अडकला काय, तरस अडकले काय किंवा धनगराचे कुत्रे अडकले काय, जनावर जेवढे ओढते तेवढी ती मांसात रुतते. लावणारा तिथे नसतोच, त्यामुळे नको असलेले जनावर सोडायचा प्रश्नही उद्भवत नाही. हे काम करणारा पारधीच असतो असेही नाही. डुकरांनी मका उद्ध्वस्त केला म्हणून वैतागलेला शेतकरी असतो, ढाब्याला तितर-ससे पुरवणारा असतो, हौसेखातर बॅटरी घेऊन रात्री फिरणारा असतो.

कायद्याला या दोन फासांत फरक दिसत नाही. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीची जी व्याख्या केली तिच्यात मारणे, विष घालणे, पकडणे, फास लावणे, सापळा लावणे, हाकणे, आमिष दाखवणे आणि यांपैकी कशाचाही प्रयत्न करणे असे सगळे एकत्र येते. १९९१ च्या दुरुस्तीनंतर परवाना काढून करायची हौशी शिकारही बंद झाली, आणि ते योग्यच झाले. माळावर आज जेवढे प्राणी उरले आहेत त्यांच्यावर कुणीही, कोणत्याही परंपरेच्या नावाने फास टाकावा अशी स्थिती नाही. शिकार पुन्हा सुरू करा असे माझे म्हणणे मुळीच नाही. म्हणणे असे आहे की फास लावणे गुन्हा ठरवताना फास लावणाऱ्याचे ज्ञानही गुन्ह्याच्या खात्यात जमा केले गेले, आणि सोलापूरचे माळ वाचवायला आज नेमके तेच ज्ञान हवे आहे. वनविभागाने ते फासेपारध्यांकडून पगारी आणि परवान्याचे काम म्हणून घेतले पाहिजे.

हे ज्ञान म्हणजे नक्की काय, ते नीट पाहू. एकटा फास कधी लावत नाहीत. वीतभर लांबीच्या बांबूच्या खुंट्या, प्रत्येक खुंटीला एक फास, आणि सगळ्या खुंट्या एका दोरीत ओवलेल्या. गुंडाळले की झोळीत मावते, उलगडले की दहा-पंधरा हात लांबीचे कुंपण होते. फासाचा घेर मुठीएवढा. खालची कड जमिनीपासून दोन-तीन बोटे वर राहिली की चालत्या तितराची मान आपोआप आत जाते. कड त्याहून वर गेली तर पक्षी खालून निघून जातो, खाली आली तर छातीने फास ढकलतो आणि सावध होतो. पाय धरायचा असेल तर फास उभा न ठेवता जमिनीलगत आडवा पसरतात. जागा निवडायची ती तरवडाच्या किंवा बोरीच्या दोन झुडपांमधली, जिथून पक्षी रोज ये-जा करतात. विष्ठा, धुळीत लोळल्याचे खळगे आणि पायांचे ठसे यांवरून ती ओळखतात. शेजारच्या फटी काटेरी फांद्यांनी बुजवल्या की पक्षी स्वतःच मोकळ्या वाटेकडे वळतात. वारा सुटला तर फास फिरतात आणि सगळी मांडणी वाया जाते, म्हणून वाऱ्याच्या दिवशी कुणी फास उलगडत नाही.

फास लावणे हे निम्मे काम झाले. उरलेले निम्मे म्हणजे हाका, म्हणजे पक्ष्यांना फासांकडे हाकत नेणे. आपल्याला हाका म्हटले की ढोल, आरडाओरडा आणि पळापळ आठवते, कारण ती संस्थानिकांच्या शिकारीची पद्धत होती. फासेपारध्याचा हाका याच्या अगदी उलट असतो. तितर हा उडण्यापेक्षा पळण्यावर भिस्त ठेवणारा पक्षी आहे. धोका लांब आहे आणि सावकाश येतो आहे असे वाटले तर तो चालत दूर जातो. धोका अंगावर आला तरच फुर्रकन उडतो. उडाला की संपले. म्हणून माणूस लांबून वळसा घेतो, मध्येच थांबतो, हलकेच खाकरतो, पायाखालची काडी मोडतो. पक्ष्यांना ऐकू यावे पण घाबरू नयेत, एवढाच आवाज. त्यासाठी पारधी गाय किंवा बैल सोबत ठेवत. चरत चरत पुढे सरकणाऱ्या जनावराला माळावरचा कुठलाही प्राणी बिचकत नाही, आणि माणूस त्याच्या आडोशाने चालतो. काही पारधी कुळांना गायपारधी म्हणतात ते यामुळेच. हे जनावर शिकवायला दोन-तीन वर्षे घालवावी लागतात असे नाही, पण शांत स्वभावाचे निवडावे लागते. मारकुटे किंवा भित्रे जनावर कामाचे नाही.

रब्बी ज्वारी निघाली की या कामाचा हंगाम. मालदांडी कापली जाते माघ-फाल्गुनात. तोवर पिकात पसरलेले पक्षी आणि ससे मग धसकटात उघडे पडतात आणि बांधांवरच्या झुडपांत, ओढ्याकाठी, माळाच्या कडेला गोळा होतात. कुठल्या ओढ्याला फाल्गुनातही ओल असते, कुठल्या बांधावर तितरांचा थवा रात्री टेकतो, हे ठाऊक असलेला माणूस त्या प्रदेशाचे सजीव सर्वेक्षणच डोक्यात घेऊन फिरत असतो.

पारध्यांची प्रत्येक पद्धत निसर्गाला धरून होती असे समजण्याचे मात्र कारण नाही. पिंजऱ्यात पाळलेल्या नर तितराला बोलता करायचा आणि त्याच्याशी भांडायला येणाऱ्या रानातल्या नराला पिंजऱ्याभोवतीच्या फासांत धरायचे, ही पद्धत फार चलाख आहे आणि फार नुकसान करणारीही. नर असे धावून येतो तो जोडी बांधायच्या आणि अंडी घालायच्या काळात. तितरे जोडीने राहतात. नर गेला की त्या मोसमातली पिल्लेही धोक्यात येतात. सुगीनंतर लावलेल्या फासरांगेत आणि या पद्धतीत जमीन-अस्मानाचा फरक आहे, आणि पारंपरिक म्हणून दोन्हींचे सारखेच कौतुक करणाऱ्यांनी तो ध्यानात घ्यावा.

सशासाठी वाघूर. हे जाळे सशाच्या चोरवाटेवर उभे टांगतात, पण ताणून नव्हे. ताणलेल्या जाळ्यावर ससा आदळला तर चेंडूसारखा मागे फेकला जातो. जाळे सैल, जमिनीवर थोडे लोळणारे असेल तर तो त्यात गुरफटतो. डोळा एवढाच की डोके जावे, खांदे अडावेत. हरणासाठी मात्र आतड्याच्या तातीचे मोठे, जाड फास लागत, आणि काळविटांच्या कळपाला तासन्‌तास हळूहळू त्यांच्याकडे वळवावे लागे. माजावर आलेल्या पाळीव काळविटाच्या शिंगांना फास बांधून त्याला रानातल्या नराशी झुंजायला सोडायचीही रीत होती. झुंजताना शिंगे अडकत.

या सगळ्यांत सारखी असलेली गोष्ट म्हणजे माणूस जागेवर हजर असतो. फास उलगडले, हाका झाला, हाती आले ते आले, फास गुंडाळले. ऊन चढायच्या आत रान मोकळे. पकडलेले जनावर जिवंत हातात येत असल्यामुळे सोडून देण्याचा पर्याय उरतो. परिसरशास्त्रज्ञ माधव गाडगीळ आणि मानवशास्त्रज्ञ कैलाश मल्होत्रा यांनी पश्चिम महाराष्ट्रातल्या भटक्या समाजांचा अभ्यास करून १९८० च्या दशकात जे मांडले ते याच्याशी जुळते. फासात आलेली गाभण हरणी आणि पाडस फासेपारधी सोडून देत, अशी त्यांनी नोंद केली. त्याहून मोलाची त्यांची दुसरी नोंद. एकाच माळरानात वावरणाऱ्या तीन समाजांनी शिकार आपापसांत वाटून घेतली होती. फासेपारधी फासांनी काळवीट, मोर, तितर, लावे धरत. नंदीवाले कुत्र्यांच्या मदतीने रानडुक्कर, घोरपड, ससा, सायाळ मारत. वैदू आमिषाच्या सापळ्यांनी मुंगूस आणि रानमांजरासारखे लहान मांसभक्षी, आणि पाण्यातली कासवे-खेकडे धरत. एका समाजाचे साधन दुसऱ्याच्या हातात जात नसे. सारखेच भक्ष्य तिघांनी ओरबाडायचे नाही, हा नियम कुठे लिहिलेला नव्हता, पण साधनांच्या वाटणीने तो पाळला जाई.

मग ही व्यवस्था मोडली कशी? पहिला तडाखा मागणीने दिला. चित्ता पारधी हे नाव चित्ते पकडण्यावरून पडले. चित्ते ज्या ठरावीक झाडांपाशी येऊन खूण करत त्या झाडांभोवती फास लावून हे लोक मोठे, वाढलेले चित्ते जिवंत धरत. आईने शिकार शिकवलेला चित्ताच राजाच्या कामाचा असे, पिल्लू वाढवून उपयोग नसे. पिंजऱ्यात चित्त्यांची पैदास जवळजवळ होत नसे, म्हणून प्रत्येक दरबारी चित्ता रानातूनच यायचा. शतकानुशतके हे चालले आणि त्याने चित्त्यांचे रान रिकामे होत गेले. फास तोच, हात तेच. पोटापुरती शिकार होती तोवर जे टिकले ते दरबाराच्या हौसेपुढे टिकले नाही. आजच्या वाघांच्या अवैध व्यापारातही मध्य भारतातल्या काही पारंपरिक शिकारी टोळ्या लोखंडी जबड्याच्या सापळ्यांसह पकडल्या गेल्या आहेत. हे झाकून ठेवून या विषयावर प्रामाणिकपणे बोलता येणार नाही. पण तिथेही सापळा टाकणारा पकडला जातो आणि कातडे विकत घेणारा क्वचितच. दुसरा तडाखा नायलॉनचा. नायलॉनचा फास केसाइतकाच सहज उभा राहतो, कुजत नाही, स्वस्त पडतो, आणि तुटत नाही. केसाच्या दुबळेपणात जो विवेक होता तो नायलॉनने काढून घेतला.

तिसरा तडाखा कायद्याचा आणि तो सोलापूरकरांना वेगळा सांगायला नको. १८७१ च्या कायद्याने काही जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवल्या, १९११ च्या कायद्याने तो फास मुंबई इलाख्याभोवतीही आवळला गेला. सोलापुरात तारेच्या कुंपणात वसाहत उभी राहिली. आतल्या माणसांची हजेरी घेतली जाई आणि त्यांच्यातूनच गिरण्यांना मजूर मिळत. शहराचा तो भाग आजही सेटलमेंट म्हणूनच ओळखला जातो. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी कायदा रद्द झाला, तो दिवस विमुक्त दिन म्हणून पाळला जातो. पण १९५९ मध्ये मुंबई राज्याने सराईत गुन्हेगारांचा कायदा केला आणि पोलिसांची नजर हटली नाही. म्हणजे फासेपारध्याची शिकार १९७२ मध्ये बेकायदा झाली तेव्हा तो आधीच संशयित होता. झोळीत फासांची गुंडाळी सापडली की वन्यजीव कायद्याच्या कलम ५० खाली जप्ती आणि अटक दोन्ही होऊ शकतात. जमीन नाही, रेशनकार्ड नाही, जातीचा दाखला नाही, आणि जे एक काम चांगले येते तेच गुन्हा. अशा माणसाकडून माळाच्या रक्षणाची अपेक्षा कुणी कशी करावी?

आणि माळ तरी कुणी खाल्ला? १९७९ मध्ये सोलापूर आणि नगर जिल्ह्यांतील ८,४९६ चौरस किलोमीटरचे माळढोक अभयारण्य जाहीर झाले. त्यात गावे, शेते, रस्ते, बाजारपेठा सगळेच आले. पुढे ते सुमारे १,२२२ चौरस किलोमीटरवर आणावे लागले. या काळात उजनीचे पाणी आले, ऊस आला, विजेच्या तारा आल्या. सरकारी कागदावर गवताळ माळ म्हणजे पडीक जमीन, म्हणून तिथे झाडे लावायची मोहीम निघाली. माळढोकाला झाडी नको असते, त्याला लांबवर दिसणारे उघडे रान हवे असते, हे कुठल्याही पारध्याने किंवा धनगराने फुकट सांगितले असते. सोलापूरजवळच्या नान्नजला माळढोक आज क्वचितच दिसतो. देशभरात मिळून रानात दीडशेच्या आसपासच पक्षी उरले असावेत, तेही बहुतेक राजस्थानात. तितरे धरणाऱ्या केसाच्या फासांनी हे घडवले नाही.

पारंपरिक फासांचे ज्ञान जगाने किती गंभीरपणे घेतले आहे ते पाहिले की आपल्याकडची उदासीनता जास्त बोचते. शिकारी पक्ष्यांना अभ्यासासाठी धरायचे जे साधन अमेरिकेपासून युरोपपर्यंत वापरले जाते त्याचे नाव बालछत्री. बाल म्हणजे केस. हिंदुस्थानातल्या पक्षी धरणाऱ्यांची ही युक्ती: टोपलीखाली जिवंत आमिष, टोपलीवर केसांचे उभे फास, ससाणा झडप घालतो, त्याची बोटे अडकतात आणि टोपलीचे वजन त्याला इजा न करता धरून ठेवते. १९५० च्या दशकात अमेरिकी संशोधकांनी तिच्यावर लेख लिहिला तो देशी नावासकट, आणि तेव्हापासून हजारो पक्ष्यांच्या पायांत कडी चढली ती याच साधनाने. आपल्याकडेही बीएनएचएसच्या (बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी) स्थलांतर अभ्यासात बिहारच्या मीरशिकार समाजातल्या अली हुसेन यांनी अनेक दशके पक्षी धरून दिले.

सर्वांत चांगला दाखला तमिळनाडूचा. इरुळा समाज सापांच्या कातड्यासाठी साप धरत असे. १९७२ नंतर तो धंदा बंद झाला आणि हजारो कुटुंबे उघड्यावर आली. १९७८ मध्ये चेन्नईजवळ इरुळा सर्पमित्रांची सहकारी संस्था उभी राहिली. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे हे चार विषारी साप परवान्याने पकडायचे, काही आठवडे ठेवून आठवड्याला एकदा विष काढायचे, खूण करून पुन्हा रानात सोडायचे. त्या विषापासून सर्पदंशावरचे प्रतिविष बनते, जे आपल्या ग्रामीण रुग्णालयांतही वापरले जाते. याच समाजातले मासी सदैयन आणि वडिवेल गोपाल २०१७ मध्ये फ्लोरिडात गेले आणि तिथल्या दलदलीत माजलेले ब्रह्मी अजगर दोन आठवड्यांच्या आत तेराच्या संख्येने शोधून दिले. २०२३ मध्ये दोघांना पद्मश्री मिळाली. कातडे सोलणारे हात आणि प्रतिविष बनवायला विष देणारे हात एकच आहेत. मधे आले ते फक्त परवाना, हिशेब आणि पगार.

हा मार्ग सोलापूरला मोकळा आहे. कायद्याच्या कलम १२ नुसार शिक्षण, संशोधन, वन्यजीवांचे व्यवस्थापन आणि सर्पविष यांसाठी प्राणी पकडायचा परवाना देता येतो. २००६ च्या वनहक्क कायद्याने शिकार, फास लावणे आणि प्राण्याच्या शरीराचा भाग काढणे हे हक्कांतून स्पष्टपणे वगळले. पण त्याच कलमात भटक्या समाजांचा हंगामी वावर आणि जैवविविधतेविषयीच्या पारंपरिक ज्ञानावरचा सामूहिक हक्क मान्य केला. कृती बंद, ज्ञान हक्काचे. या दोहोंच्या मधली जागा नोकरीने भरायची आहे.

सर्वांत आधी तारा काढायचे काम. तार शोधणे हे तार लावण्याइतकेच कौशल्याचे आहे. गस्तीचा कर्मचारी जीपमधून उतरून बांध पाहतो तेव्हा त्याला गवत दिसते. फास लावणाऱ्याला त्याच गवतात कुठली कुंपणाची फट नव्याने काटे टाकून अरुंद केली आहे, कुठल्या खुंटीची साल ताजी तासलेली आहे, कुठे एकाच उंचीवर गवताची पाती मुडपली आहेत, ते दिसते. दोघादोघांची जोडी हवी, कारण एकाची नजर जमिनीवर आणि दुसऱ्याची गुडघ्याच्या उंचीवर राहिली पाहिजे. उन्हे तिरपी असताना तारेला चमक येते, म्हणून सकाळी पहिला दीड तास आणि संध्याकाळी शेवटचा तास. सापडलेली तार नुसती कापून चालत नाही. खुंटी उपटली नाही तर दुसऱ्या दिवशी त्याच खुंटीला नवी तार लागते. काट्यांची वाडही मोडावी लागते, नाहीतर जनावर त्याच फटीतून जात राहते. जागा, तारेचा प्रकार, फासाची उंची यांची नोंद ठेवली की दोन हंगामांत कळते की कोण कशासाठी तारा लावतो: सशासाठी वीतभर उंचीवर लावतात, डुकरासाठी गुडघ्यापर्यंत.

दुसरे काम घरट्यांचे. माळढोक, तणमोर, धाविक ही सगळी जमिनीवर अंडी घालणारी. माळढोकाचे अंडे एकच असते, मादी एकटी जवळजवळ महिनाभर उबवते, आणि कुत्रा, कावळा, घोरपड यांपैकी कुणालाही ते मिळू शकते. घरटे शोधताना सरळ चालत जाणे ही नवख्याची चूक. माणसाच्या मागावर कुत्रा येतो आणि मादी उठली की कावळा पाहतो. पारधी बाजूने जातो, थांबत नाही, नजरेने जागा हेरतो आणि लांबून पक्ष्याच्या वागण्यावरून अंदाज बांधतो. अकोला-वाशीम भागात फासेपारध्यांनीच तणमोरांची घरटी शोधून जपली आहेत. तिथे हे काम फक्त कल्पना राहिलेले नाही. लांडगा की कुत्रा हे धुळीतल्या ठशांवरून सांगणेही त्यातच आले. लांडग्याची पावले सरळ रेषेत, मागचा पाय पुढच्या ठशावर पडतो. कुत्रा भरकटत जातो.

तिसरे, परवान्याने पकडण्याचे. पायात कडे किंवा अंगावर ट्रान्समीटर बसवायचा तर पक्षी आधी धरावा लागतो, आणि जमिनीवर चालणाऱ्या पक्ष्यांसाठी जवळ माणूस बसवून लावलेला पायफास हे कमी इजा करणाऱ्या साधनांपैकी आहे. हरणांबाबत मी हे म्हणणार नाही. फासात धडपडलेल्या हरणाच्या स्नायूंना असा ताण बसतो की सोडल्यावर काही दिवसांनी ते मरू शकते. तिथे फास नको. तिथे हाक्याची कला हवी. मध्य प्रदेशात शाजापूरला २०२५ मध्ये पिकात शिरणारी काळविटे हेलिकॉप्टरने हाकून नरसाळ्यासारख्या कुंपणात घेतली. नरसाळ्याचे तत्त्व काटेरी फांद्यांनी फटी बुजवणाऱ्या पारध्याचेच. सोलापूरच्या शेतकऱ्यांचीही काळविटांबद्दल तक्रार आहे; इथे हेलिकॉप्टरच्या आधी गायीच्या आडोशाने चालणाऱ्याला विचारून पाहावे.

यावर एक आक्षेप असा आहे की हे पुन्हा माणसाला जातीच्या कामाला जुंपणे झाले. आक्षेप खरा आहे आणि तो मुख्यतः पारधी समाजातल्या शिकलेल्या मुलांकडून येतो. त्याचे उत्तर अटींत असले पाहिजे. नेमणूक जातीवर नव्हे, कौशल्याच्या परीक्षेवर व्हावी. माग ओळखणे, तार शोधणे, पक्षी इजा न करता हाताळणे अशी परीक्षा घेतली तर कोण पास होईल ते उघड आहे. आदिवासी म्हणून मिळणारे शिक्षण, जमीन, दाखले यांची जागा या कामाने घेता कामा नये. आणि काम रोजंदारीवर नको. हंगाम संपला की मजुरी बंद, असे झाले तर ज्या महिन्यांत भूक जास्त त्याच महिन्यांत ढाबेवाल्याचा निरोप येतो. बारा महिन्यांचा पगार हाच चोरट्या शिकारीवरचा सगळ्यात स्वस्त उपाय आहे.

दुसरा आक्षेप विश्वासाचा: फास लावणाऱ्याला माळात पगारावर सोडायचे? माळात तो आजही आहे. प्रश्न आहे तो ज्याच्याकडून काम घ्यायचे त्याच्याशी हिशेब ठेवण्याचा. इरुळांच्या संस्थेत किती साप धरायचे याची मर्यादा वनविभाग ठरवतो, नोंद होते, खूण होते. इथेही पकडलेला प्रत्येक पक्षी, काढलेली प्रत्येक तार नोंदवहीत हवी, आणि ही नोंदवही पारध्यांच्या आपल्या वाघरी बोलीतल्या शब्दांसकट भरली जावी. २००२ च्या जैवविविधता कायद्याखाली गावोगावी समित्या आहेत, लोक जैवविविधता नोंदवह्या आहेत. अनेक ठिकाणी त्या झाडांच्या यादीवरच थांबल्या आहेत. पाणवठे, विणीच्या जागा, थव्यांच्या रात्रीच्या टेकण्या त्यांत याव्यात, पण जागांचे तपशील समितीपाशीच राहावेत. छापले तर चोरट्यांना नकाशा मिळेल.

सुरुवात मोठी करायची गरज नाही. नान्नज परिसरात चार जोड्या, एक वनपाल, एक नोंदवही आणि एका वर्षाचा पगार पुरे. वेळ मात्र नेमकी साधावी लागेल. मालदांडीची पेरणी भाद्रपद-आश्विनात होते आणि कापणी माघ-फाल्गुनात. तारा लागायला सुरुवात होते ती पीक उभे असतानाच, डुकरांच्या नावाने, आणि कापणी झाली की त्याच तारांत ससे-तितरे येतात. जोड्या दिवाळीपूर्वी कामावर आल्या, तर कापणी सुरू होण्याआधी बांधांवरच्या खुंट्या उपटून झालेल्या असतील.